पाच वर्षे लाइनअप लावला, आता पुढे काय?

पत्राचा सारांश: पत्रलेखिका ३० वर्षांच्या आहेत. सातारा जिल्ह्यातल्या एका गावातून पदवी घेऊन त्या मुंबईला आल्या, एका खासगी वर्गात सहा महिने चित्रपट-संकलनाचे (एडिटिंगचे) सॉफ्टवेअर शिकल्या आणि गेली पाच वर्षे अंधेरीत एका अनुभवी संकलकांकडे साहाय्यक म्हणून काम करत आहेत. काम बहुतेक रात्रीचे असते: आलेले फुटेज उतरवून घेणे, चित्र आणि आवाज जुळवणे, प्रसंगवार लाइनअप लावणे, म्हणजे पटकथेच्या क्रमाने टेक मांडणे. महिन्याला ३५,००० रुपये ठरले आहेत, पण सध्या तीन महिन्यांचे पैसे थकले आहेत, आणि संगणकासाठी दादाकडून घेतलेले सव्वा लाख रुपये फेडायचे आहेत. सध्याच्या वेब मालिकेतला एक प्रसंग, ज्यात अंत्यविधीनंतर आई दोरीवरचे कपडे काढून त्यांच्या घड्या घालते, त्यांनी स्वतः कापला. दिग्दर्शकांनी तो पाहून ‘याला हात लावू नका’ असे सांगितले. तो कोणी कापला हे मात्र दिग्दर्शकांना कोणी सांगितले नाही. आता पुण्यातल्या एका कंपनीने शैक्षणिक व्हिडिओंच्या संकलनासाठी ६५,००० रुपयांची नोकरी देऊ केली आहे. ‘पुण्याला गेले तर पाच वर्षे पाण्यात गेली असे होईल, राहिले तर आणखी पाच जातील. फिल्म इन्स्टिट्यूटला गेले नाही म्हणून माझे असे झाले का? आता जाऊ का? आणि हे काम उद्या यंत्रेच करणार असतील तर?’ असे त्या विचारतात. ‘तू नेमके काय करतेस?’ या वडिलांच्या प्रश्नालाही आपल्याजवळ उत्तर नाही, असे त्यांनी लिहिले आहे.

तुमच्या पत्रात पुण्याची नोकरी पहिल्याच ओळीत आहे आणि कपड्यांच्या घड्यांचा प्रसंग पार शेवटाकडे, तोही कंसात. संकलनाची सवय जडलेल्या माणसाला क्रम बदलून पाहिल्याशिवाय राहवत नाही, म्हणून मी प्रसंग आधी आणि नोकरी नंतर असे करून तुमचे पत्र पुन्हा वाचले. पहिल्या क्रमात ते थकलेल्या साहाय्यकाचे पत्र होते. दुसऱ्या क्रमात ते अशा संकलकाचे पत्र झाले, जिचे काम एका दिग्दर्शकाला आवडले आहे आणि जिचे नाव त्याला ठाऊक नाही. मी उत्तर या दुसऱ्या पत्राला देणार आहे. थकलेल्या पैशांचा आणि कर्जाचा विषयही टाळणार नाही, कारण घरभाड्याची चिंता डोक्यावर असताना कलेविषयीचा सल्ला कोणाच्याही पचनी पडत नाही.

‘पाच वर्षे पाण्यात गेली’ हे तुमचे वाक्य मला अर्धेच पटते. मी या व्यवसायात शिरलो तेव्हा फिल्म हाताने कापून जोडली जात असे. स्टीनबेक या संकलन-यंत्राच्या टेबलासमोर संकलक बसत, शेजारी दिग्दर्शक बसे आणि मागे आम्ही साहाय्यक उभे असू. कापलेले तुकडे आतून कापड लावलेल्या एका मोठ्या पेटीवर टांगून ठेवलेले असत; तिला बिन म्हणत, आणि तुमच्या सॉफ्टवेअरमध्ये तुम्ही रोज ज्याला बिन म्हणता त्याचे नाव तिथूनच आले आहे. ‘तिने मान वळवली त्याच्या आधीचा तुकडा दे’ असे संकलकांनी म्हटले की शेकडो तुकड्यांमधून तो शोधून त्यांच्या हातात द्यायचा, हे आमचे काम होते. सेकंदाला २४ चौकटी आणि हजार फुटांच्या रिळाला जेमतेम ११ मिनिटे, असा हिशेब असल्यामुळे तुकड्यांना तोटा नसे. ही निव्वळ हमाली होती. पण या हमालीपायी साहाय्यकाला खोलीत थांबावे लागे, आणि खोलीत थांबल्यामुळे एखादा शॉट का काढला, तीन दिवसांनी तोच परत का घेतला, दिग्दर्शक कशावर अडून बसला आणि संकलकांनी त्याला कसे वळवले, हे सगळे आपोआप कानांवर पडत असे. संगणक आल्यावर तुकडा शोधून द्यायला माणूस लागेनासा झाला. साहाय्यकाचे टेबल दुसऱ्या खोलीत गेले आणि त्याची पाळी रात्रीची झाली. संकलक सकाळी येतात तेव्हा लाइनअप तयार असतो आणि तो लावणारी मुलगी लोकलने घरी पोहोचलेली असते. तुमची वर्षे वाया गेली असे मी म्हणणार नाही, पण ती ज्या खोलीत निर्णय होतात त्या खोलीच्या बाहेर गेली, हे खरे आहे.

म्हणून वर्षे मोजण्याऐवजी प्रसंग मोजा. या पाच वर्षांत ज्या प्रसंगांचा पहिला कट तुम्ही स्वतःच्या अंदाजाने लावला, त्यांची एका वहीत यादी करा. लाइनअप यात धरायचा नाही, कारण पटकथेच्या क्रमाने टेक मांडणे आणि कोणत्या टेकवर किती वेळ थांबायचे हे ठरवणे ही दोन निराळी कामे आहेत. प्रत्येक प्रसंगापुढे, अंतिम प्रतीत त्यातले काय टिकले आणि काय बदलले, तेही लिहा. यादी वीस-पंचवीस प्रसंगांची झाली तर तुम्ही संकलक झालेल्याच आहात, श्रेयनामावलीत नाव तेवढे यायचे राहिले आहे. ती तीन-चार प्रसंगांवर संपली, तर मुंबई की पुणे यापेक्षा कापायला कुठे मिळेल हा प्रश्न अधिक तातडीचा आहे. वीस ही संख्या मी माझ्या अनुभवावरून धरली आहे. तिच्यावर भांडू नका, यादी मात्र प्रामाणिकपणे करा.

तो घड्यांचा प्रसंग यादीत पहिला लिहा. तुम्ही लिहिता की आईने शेवटच्या सदऱ्याची घडी घातली, मोडली आणि पुन्हा घातली, असा एक टेक होता. सेटवर त्याच्यापुढे ‘एनजी’ (नो गुड, म्हणजे बाद) लिहिले गेले होते, कारण आधीच्या शॉटशी तो जुळत नव्हता. तुम्ही तोच घेतला आणि तो जुळावा म्हणून आधीचा शॉट लांबवला नाही, तर सरळ काढून टाकला. हे सॉफ्टवेअर येण्याचे काम नव्हे. बाद ठरलेले साहित्य कोऱ्या नजरेने पुन्हा पाहणे, चूक आणि अभिनय यांतला फरक ओळखणे आणि त्यासाठी दुसरे काहीतरी सोडून देणे, या तीन गोष्टी तुम्ही एकाच प्रसंगात केल्या आहेत. दिग्दर्शकांनी ‘हात लावू नका’ म्हटले ते याला.

आता तुमच्या मनातल्या शिडीविषयी. साहाय्यक, मग असोसिएट, मग संकलक, अशी एखाद्या कचेरीतली बढतीची साखळी तुम्ही गृहीत धरली आहे, आणि वरची जागा रिकामी झाली की ‘सर’ आपल्याला वर घेतील अशी तुमची अपेक्षा दिसते. या व्यवसायात संकलकाची नेमणूक दुसरा संकलक करत नाही. ती दिग्दर्शक करतो, निर्माता तिला मान्यता देतो. तुमचे सर कितीही सज्जन असले तरी फार तर तुमचे नाव सुचवतील. आणि ज्या दिग्दर्शकांशी त्यांचे वीस वर्षांचे नाते आहे ते दिग्दर्शक त्यांनाच सोडून तुमच्याकडे का येतील? तुमचा भावी दिग्दर्शक आज तुमच्याच वयाचा आहे, त्याच्याकडेही पैसे नाहीत, आणि त्याचा पहिला लघुपट कुठल्या तरी हार्ड डिस्कवर अर्धवट पडून आहे.

रेणू सलुजा यांची कारकीर्द या दृष्टीने पाहण्यासारखी आहे. त्या पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून सत्तरच्या दशकात संकलन शिकून बाहेर पडल्या, आणि त्यांची सुरुवातीची महत्त्वाची कामे प्रस्थापित दिग्दर्शकांची नव्हती. ती त्यांच्याच आगेमागे शिकलेल्या, पहिले-दुसरे चित्रपट करणाऱ्या सईद मिर्झा, कुंदन शाह, विधू विनोद चोप्रा अशा मंडळींची होती. १९८३ चा ‘जाने भी दो यारों’ हा कुंदन शाह यांचा पहिलाच चित्रपट त्यांनी कापला. विधू विनोद चोप्रा यांच्या १९८९ च्या ‘परिंदा’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि असे पुरस्कार त्यांनी एकूण चार वेळा मिळवले. २००० साली, वयाच्या अवघ्या ४८ व्या वर्षी त्या गेल्या, पण मुंबईच्या संकलन-खोल्यांमध्ये त्यांचे नाव आजही आदराने घेतले जाते. तिकडे अमेरिकेत संकलक थेल्मा स्कूनमेकर आणि दिग्दर्शक मार्टिन स्कोर्सेसी यांची ओळख साठच्या दशकात न्यूयॉर्क विद्यापीठाच्या वर्तुळात झाली. स्कोर्सेसींचा पहिला चित्रपट त्यांनी कापला, आणि त्यानंतर संघटनेचे सभासदत्व नसल्यामुळे त्यांना कित्येक वर्षे हॉलिवूडच्या कथापटांपासून दूर राहावे लागले. १९८० साली त्या परत आल्या त्या त्याच दिग्दर्शकाच्या चित्रपटासाठी, आणि पहिले ऑस्कर त्यांना त्याच कामाने मिळाले. कोणाची कारकीर्द कोणासारखी होत नसते, हे मला कळते. तरी ही नाती वरच्या माणसाशी जडलेली नव्हती, शेजारच्या माणसाशी जडलेली होती, एवढे या दोघींकडून घेता येते.

यातूनच इन्स्टिट्यूटविषयीच्या प्रश्नाचे उत्तर निघते. प्रभात कंपनीच्या जुन्या जागेत १९६० साली सुरू झालेल्या त्या संस्थेत विद्यार्थ्याला यंत्रे मिळतात, चित्रपट पाहायला मिळतात, चांगले शिक्षक मिळतात; पण सर्वांत मोलाची मिळते ती सोबत, म्हणजे दिग्दर्शन, छायांकन आणि ध्वनी शिकणारी त्याच वयाची माणसे, जी पुढे वीस-तीस वर्षे एकमेकांना कामाला बोलावत राहतात. नागपूरचे राजकुमार हिरानी तिथे संकलनच शिकले. चित्रपटांत जम बसत नाही म्हणून ते जाहिरातींकडे वळले आणि त्यांचा दिग्दर्शक म्हणून पहिला चित्रपट २००३ साली आला. म्हणजे तिथून बाहेर पडलेल्यांनाही रस्ता सरळ मिळतोच असे नाही. उलट बाजूला श्रीकर प्रसाद आहेत, ज्यांनी साहित्याची पदवी घेतली आणि संकलन वडिलांच्या हाताखाली शिकले. त्यांच्या नावावर अनेक राष्ट्रीय पुरस्कार आहेत. घरातच संकलन-खोली असणे हीसुद्धा एक शाळाच आहे असे तुम्ही म्हणाल, आणि ते बरोबर असेल. तुमच्या बाबतीत मात्र, कर्ज डोक्यावर असताना तीन वर्षे कमाई थांबवून विद्यार्थी होणे मला आज शहाणपणाचे वाटत नाही. दोन वर्षांनी, दादाचे पैसे फिटल्यावरही तिथे जावेसे वाटले तर जरूर परीक्षा द्या. कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेतही संकलनाचा विभाग आहे, आणि तिथून आलेल्या नम्रता राव यांचे काम तुम्ही पाहिलेच असेल.

आता ज्या गोष्टीवर तुम्ही कदाचित चिडाल ती सांगतो. पुण्याला जाणे म्हणजे माघार, हे मला मान्य नाही. प्रभात कंपनीच १९३३ साली कोल्हापूर सोडून पुण्याला आली होती, हा गमतीचा भाग सोडून देऊ. पण पाहा: अंधेरीत पाच वर्षे राहून तुमची ओळख किती तरुण दिग्दर्शकांशी झाली? पत्रात एकाचेही नाव नाही, कारण ते दिवसा भेटतात आणि तुम्ही रात्री काम करता. पुण्यात इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडलेली आणि अजून मुंबईला न गेलेली मुले आहेत, राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, माहितीपट करणारी माणसे आहेत. शिवाय १९६३ पासून चालत आलेल्या पुरुषोत्तम करंडकाच्या आणि फिरोदियाच्या तालमींमध्ये रात्र रात्र घालवणारी महाविद्यालयीन मंडळी आहेत, ज्यांतली काही दरवर्षी एकांकिकांकडून लघुपटांकडे वळतात. या मुलांकडे कॅमेरा असतो, नट असतात, उत्साह तर नको तेवढा असतो. ज्याने पाच वर्षे शिस्तीने फुटेज सांभाळले आहे, आवाजाच्या विभागाला फाइल कशी द्यायची हे ज्याला ठाऊक आहे आणि तिसऱ्या दिवशी ‘डिस्क उघडत नाही’ असे जो सांगणार नाही, असा संकलक त्यांच्याकडे नसतो. तो तुम्ही होऊ शकता.

म्हणून माझा कौल पुण्याकडे झुकतो, पण दोन अटींवर. पहिली अट अशी की, कामाच्या वेळेबाहेर स्वतःची कामे करण्याची मुभा नेमणूकपत्रात लेखी हवी. अशा पत्रांमध्ये बाहेरचे कोणतेही काम करायचे नाही, शिवाय इतक्या वर्षांचा बाँड, असे कलम पुष्कळदा असते आणि सही करताना ते कोणी वाचत नाही. बाँड असेल तर मी तिथे जा असे म्हणणार नाही. दुसरी अट म्हणजे, आठवड्याला किती मिनिटांचे तयार व्हिडिओ अपेक्षित आहेत हे आधी विचारा, आणि तिथे आत्ता काम करणाऱ्या एखाद्या माणसाला गाठून खरा आकडाही विचारा. मुलाखतीत सांगितलेला आकडा आणि टेबलावरचा आकडा यांत अंतर निघाले, तर संध्याकाळ तुमची राहणार नाही आणि पुण्याला जाण्यामागचा हेतूच बुडेल.

ही नोकरी ‘सुरक्षित’ आहे असे तुम्ही लिहिले आहे. तिथे मात्र थांबा. यंत्रे कोणते काम घेतील हा तुमचा प्रश्न योग्य आहे, पण तुम्ही तो चित्रपटाकडे बोट दाखवून विचारला. बोललेल्याचा मजकूर तयार करणे, आवाज जुळवणे, अडखळलेल्या जागा आणि शांतता काढून टाकणे, लांब व्याख्यानातून छोटे तुकडे पाडणे, ही कामे सॉफ्टवेअर आजच करू लागले आहे, आणि शैक्षणिक व्हिडिओंचे संकलन मोठ्या अंशी याच कामांचे बनलेले असते. तुमच्या सध्याच्या रात्रपाळीतले निम्मे कामही त्यात येते. बाद ठरलेला टेक उचलून त्याच्यासाठी दुसरा शॉट सोडून देणे हे यंत्राला सांगून होत नाही, कारण तसे करावे असे आधी कोणाला तरी वाटावे लागते. तेव्हा पुण्याची नोकरी स्वीकारलीत तर ती दोन वर्षांचे घरभाडे आणि कर्जफेड म्हणून स्वीकारा, आयुष्याची सोय म्हणून नको.

त्या नोकरीचा आणखी एक धोका आहे आणि तो हाताला जडतो. तशा व्हिडिओंमध्ये विराम म्हणजे चूक. शिक्षकाने श्वास घेतला की तिथे कट मारायचा. आठवड्याचे सहा दिवस हे केल्यावर सातव्या दिवशी, घडी मोडून पुन्हा घालणारी बाई पाहतानाही बोट आपोआप कीबोर्डकडे जाते. जाहिराती आणि प्रोमो करणाऱ्या चांगल्या चांगल्या माणसांचे असे झालेले मी पाहिले आहे. त्यावर उपाय म्हणून एखादा छोटा माहितीपट हाती घ्या. तिथे पटकथा नसते. चाळीस तासांच्या फुटेजमधून गोष्ट कुठे सुरू होते हे संकलकालाच शोधावे लागते, त्यामुळे थांबण्याची आणि ऐकण्याची सवय टिकते. रफ कट, म्हणजे पहिली कच्ची जुळणी, तयार झाला की तो कोणाला तरी दाखवावा लागतो. इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या दिवसांत गोव्यात भरणाऱ्या फिल्म बाजारात अपुऱ्या चित्रपटांचे रफ कट जाणकारांना दाखवण्याची सोय असते, तिच्याकडे तुमच्या दिग्दर्शकाचे लक्ष वेधा.

अटी मान्य झाल्या नाहीत आणि मुंबईतच राहायचे ठरले, तर पुढच्या कामाला ‘हो’ म्हणण्याआधी सरांशी दोन गोष्टी ठरवून घ्या: प्रत्येक भागातले निदान दोन प्रसंग पहिल्यापासून तुम्ही कापाल, आणि दिग्दर्शक येतील तेव्हा तुम्ही खोलीत असाल. दुसरी गोष्ट पहिलीपेक्षा महत्त्वाची आहे. ते जमणार नसेल तर पैशांत पाच हजारांची वाढ घेऊन समाधान मानू नका.

पैशांविषयी थोडे सविस्तर लिहितो, कारण या सदराकडे येणाऱ्या पत्रांत कॅमेऱ्यामागची बहुतेक माणसे हेच विचारतात. आपल्या १९५७ च्या स्वामित्वहक्क कायद्याप्रमाणे चित्रपटाचा कर्ता निर्माता असतो. २०१२ च्या दुरुस्तीने गीतकार, संगीतकार आणि पटकथाकार यांच्या रॉयल्टीला संरक्षण मिळाले. संकलक त्यात नाही. म्हणजे मालिका दहा वर्षे चालली तरी तुम्हाला मिळणार ते ठरलेले मानधनच, आणि म्हणून ते कसे ठरले आहे याला फार महत्त्व आहे. स्वतंत्र काम घेताना, मग ते मित्राचे का असेना, एक पानभर करार करा. त्यात एकूण रक्कम, सुरुवातीचा हप्ता, रफ कटला किती, लॉकला (चित्राची जुळणी पक्की झाल्यावर) किती, बदलांच्या किती फेऱ्या या रकमेत धरल्या आहेत, नामावलीत नाव कोणत्या शब्दांत येईल आणि चित्रीकरण लांबले तर काय, एवढे लिहिलेले असावे. अंतिम फाइल शेवटचा हप्ता मिळाल्यावर दिली जाईल, हे वाक्यही त्यातच हवे. ते आधी लिहिलेले असेल तर फाइल थांबवणे हा व्यवहार ठरतो. लिहिलेले नसताना हार्ड डिस्क अडवून ठेवणे ही अडवणूक ठरते, आणि एकदा तशी ख्याती झाली की ती पुसता येत नाही. सध्याच्या थकबाकीसाठी हा मार्ग तुम्ही चुकूनही घेऊ नका.

याशिवाय उद्यम नोंदणी, म्हणजे छोट्या व्यावसायिकांची सरकारी नोंदणी, करून ठेवा. ती विनामूल्य आहे आणि ऑनलाइन होते. नोंदणी असलेल्या सूक्ष्म किंवा लघु व्यावसायिकाचे पैसे ४५ दिवसांच्या आत देण्याचे बंधन २००६ च्या कायद्याने देणाऱ्यावर घातले आहे, आणि न दिल्यास चक्रवाढ व्याज मागता येते. नोंदणीच्या आधी झालेल्या कामाला तिचा उपयोग होणार नाही, पण पुढच्या कामांना होईल. बिलाच्या तळाशी तो क्रमांक दिसला की हिशेबनीस जरा लवकर फोन उचलतात, असा माझ्या ओळखीतल्या एकीचा अनुभव आहे. मुंबईत संकलकांची संघटना आहे आणि ती फेडरेशन ऑफ वेस्टर्न इंडिया सिने एम्प्लॉईज या महासंघाशी जोडलेली आहे. सभासदत्वाची चौकशी करा. तीन महिन्यांच्या थकबाकीसाठी मात्र आधी एक साधा ईमेल पाठवा: महिना, काम, रक्कम आणि पैसे मिळण्याची अपेक्षित तारीख. त्यात भावना घालू नका. तोंडी आठवण करून देण्याने फक्त संकोच वाढतो, आणि पाच वर्षांच्या नात्यात तो दोन्ही बाजूंना असतो.

वडिलांच्या प्रश्नाचे उत्तर शब्दांत देण्याचा प्रयत्न सोडून द्या. पुढच्या वेळी गावी जाल तेव्हा एखाद्या लघुपटाचा, दाखवण्याची परवानगी असलेला, प्रसंग लॅपटॉपवर न्या. आधी नुसता लाइनअप दाखवा, ज्यात तेच वाक्य चार वेळा येते आणि मध्येच कोणी ‘कट’ म्हणून ओरडते. मग तोच प्रसंग कापलेला दाखवा. माझ्या वडिलांना मी हे उशिरा दाखवले. ते बराच वेळ गप्प राहिले आणि मग म्हणाले, ‘म्हणजे निवडायचे काम’. आमच्याकडे दर दिवाळीला तांदूळ निवडायला ते स्वतः बसत, त्यामुळे ही त्यांच्या दृष्टीने मोठी पदवी होती.

राहिला तो घड्यांचा प्रसंग आणि सरांचे मौन. त्यांनी तुमचे श्रेय लाटले, असा सूर तुमच्या पत्रात आहे, तसे असेलही. पण मीही एकदा असाच गप्प बसलो होतो, म्हणून दुसरी शक्यता सांगतो. दिग्दर्शक खूश होऊन बोलत होता, पुढचे रीळ लागले होते, माझ्या साहाय्यकाचे नाव घ्यायचे ओठांवर आले आणि तो क्षण निघून गेला. नंतर मुद्दाम सांगणे अवघड वाटले, आणि जितके दिवस गेले तितके ते अधिक अवघड होत गेले. त्या मुलाने मला कधी विचारले नाही. विचारले असते तर मी त्याच दिवशी दिग्दर्शकाला फोन केला असता, असे मला वाटते. निदान तसे वाटून घेतो. तुम्ही विचारा. सरांना वगळून थेट दिग्दर्शकांना निरोप पाठवला तर तो खरा असूनही चहाडीसारखा ऐकू जाईल, आणि संकलन-खोलीतली गोष्ट बाहेर नेणाऱ्या माणसाला कोणी त्या खोलीत घेत नाही. दुपारी, काम सुरू होण्याआधी, सरांना एकटे गाठून सांगा: त्या प्रसंगाचा पहिला कट माझा होता, दिग्दर्शकांना तो आवडला, तर त्यांची आणि माझी ओळख तुम्ही करून द्यावी, आणि नामावलीत माझे नाव असोसिएट संकलक म्हणून यावे अशी माझी विनंती आहे. दोन्ही गोष्टी एकाच दमात मागा, कारण त्यांना एक नाकारणे जड गेले तर दुसरी ते देतील. आणि निवड करायची वेळ आलीच तर नावापेक्षा ओळख घ्या.

तुम्ही लिहिता की मालिकेचे चित्र लॉक झाले आहे आणि आवाजाचे काम सुरू आहे. शेवटच्या नामावलीची यादी या टप्प्यावर निर्मात्याच्या कचेरीतून फिरू लागते, आणि एकदा ती मंजूर होऊन अक्षरे चढली की एका नावासाठी ती कोणी उघडत नाही. पुण्याच्या कंपनीकडून उत्तरासाठी पंधरा दिवस मागून घ्या, ते बहुधा मिळतील. सरांशी बोलणे मात्र याच आठवड्यात व्हायला हवे.